तारायंत्राच्या कायद्याचे वारस

१४ जुलै २०१३ हा रविवार होता. त्या रात्री भारतातील तारसेवा कायमची बंद व्हायची असल्यामुळे एरवी तारघराकडे ढुंकूनही न पाहणारी माणसे ठिकठिकाणच्या तार कचेऱ्यांपुढे रांगा लावून उभी होती, आणि त्यांतील कित्येक जण तर स्वतःच्याच पत्त्यावर तार करीत होते. घरात एक आठवण राहावी, एवढाच त्यामागचा हेतू. ज्या यंत्राने दीडशेहून अधिक वर्षे या देशात जन्माच्या, मृत्यूच्या, नोकरीच्या, बदलीच्या आणि पलटणींच्या हालचालींच्या वार्ता पोहोचविल्या, त्याला असा काहीसा कौतुकाचा, काहीसा अपराधी निरोप मिळाला. परंतु यंत्र गेले तरी त्याच्यासाठी केलेला कायदा गेला नाही. १८८५ चा तार अधिनियम पुढे आणखी दहा वर्षे सरकारी दप्तरात धडधाकट होता. इतकेच नव्हे, तर तार बंद होऊन चार वर्षे झाल्यावर, ऑगस्ट २०१७ मध्ये, एखाद्या जिल्ह्यातील इंटरनेट तात्पुरते बंद करण्याचा हुकूम कोणत्या अधिकाऱ्याने व कोणत्या रीतीने काढावा याचे नियम केंद्र सरकारने जेव्हा केले, तेव्हा ते याच अधिनियमाच्या आधारे केले. ज्या पोराने तारायंत्राचा कडकट्ट आवाज जन्मात ऐकला नाही, त्याच्या हातातील मोबाईल राणी व्हिक्टोरियाच्या अमदानीतील कलमान्वये मुका होऊ लागला.

सायबर दहशतवाद आणि सायबर युद्ध ही नावे नवी आहेत, म्हणून त्यांच्याविषयीचा कायदाही काल-परवा जन्मला असावा, असा आपला सहज समज असतो. मला तो समज खरा वाटत नाही. या कायद्याची मुळे शोधू गेल्यास ती तारेच्या खांबाशी सापडतात. आणि त्या खांबाशी असताना त्याला जी दोन वळणे लागली, म्हणजे आपल्या मुलखात राजसत्तेने प्रत्येक संदेशावर हात ठेवून बसावे आणि मुलखाबाहेर, लढाईच्या वेळी, प्रत्येक राजसत्तेने आपला हात मोकळा राखावा, ती दोन्ही आजतागायत सुटलेली नाहीत.

हिंदुस्थानात तार आणणारा माणूस व्यवसायाने वैद्य होता. विल्यम ओ'शॉनेसी हा कलकत्त्याच्या वैद्यकीय महाविद्यालयात रसायनशास्त्र शिकवीत असे, आणि १८३९ साली त्याने त्या शहराजवळ हौसेने तारेचे प्रयोग केले. पुढे बारा वर्षांनी कलकत्ता ते डायमंड हार्बर ही पहिली मार्गिका झाली, आणि डलहौसीच्या उत्साहामुळे १८५४ पर्यंत कलकत्ता, आग्रा, मुंबई ही शहरे तारेने जोडली गेली. त्याच साली कंपनी सरकारने तारेविषयीचा पहिला कायदा करून तारायंत्र उभारण्याचा व चालविण्याचा इजारा स्वतःकडे घेतला. हा इजारा आपल्याकडील जुन्या वहिवाटीच्या मानाने अगदीच नवा होता. पेशवाईत सरकारी जासुदांच्या जोड्या धावत, त्याचप्रमाणे सावकारांची स्वतःची डाकही धावे. वाटेत शत्रूने जासूद अडवावा, खलिता फोडावा, मजकुराची नक्कल करून तो पुन्हा बंद करावा, हे सर्व चालेच. परंतु ज्या वाटेने जासूद धावतो ती वाटच सरकारची, आणि तिच्यावरून धावायचे तर सरकारचा परवाना हवा, ही कल्पना कोणाच्या स्वप्नातही नव्हती. तारेने प्रथमच संदेशाची वाट ही एक मिळकत झाली, आणि मिळकत म्हटली की तिचा मालक आला, तिचा रखवालदार आला आणि तिच्यात आगळीक करणारा गुन्हेगारही आला.

हा गुन्हेगार फार काळ वाट पाहत राहिला नाही. १८५७ च्या मे महिन्यात मेरठेकडील तार तुटली, आणि ती का बंद पडली हे पाहण्यासाठी दिल्लीच्या तारघराचा प्रमुख बाहेर पडला तो परत आलाच नाही. मागे राहिलेल्या दोन तरुण तारवाल्यांनी ११ मे रोजी कचेरी सोडण्यापूर्वी अंबाल्याला वार्ता दिली, आणि ती पंजाबातील गोऱ्या अधिकाऱ्यांपर्यंत वेळेत पोहोचली. या कामगिरीचे स्मारक इंग्रजांनी १९०२ साली दिल्लीत उभारले. उत्तर हिंदुस्थानात ज्यांनी तारा तोडल्या त्यांचे स्मारक अर्थातच कोणी उभारले नाही. पण इंग्रज कायदेपंडितांच्या मनात मात्र ते कायमचे उभे राहिले असावे, असे पुढची कलमे वाचताना वाटते.

१८६० आणि १८७६ साली तारेचे कायदे पुन्हा पुन्हा घासूनपुसून घेतले गेले आणि शेवटी १८८५ चा अधिनियम आला. त्याच्या पाचव्या कलमाने सरकारला असा अधिकार दिला की, सार्वजनिक आणीबाणी उद्भवल्यास अथवा सार्वजनिक सुरक्षिततेसाठी आवश्यक असल्यास परवान्यावर चालणारी कोणतीही तार ताब्यात घ्यावी, आणि कोणताही संदेश अडवावा, रोखून धरावा किंवा उघड करावा. आणीबाणी उद्भवली आहे की नाही याविषयी कोणास शंका आली तर तिचे निरसन कसे व्हावे, याचीही तरतूद मूळ कलमात होती: सरकारच्या सचिवाने सही करून दाखला दिला की तोच अखेरचा पुरावा. म्हणजे फिर्यादीही सरकार, साक्षीदारही सरकार आणि शंकेचा निवाडा करणारेही सरकारच. हे दाखल्याचे वाक्य १९७२ साली गेले. परंतु 'सार्वजनिक आणीबाणी' आणि 'सार्वजनिक सुरक्षितता' ही जोडी गेली नाही. शंभराहून अधिक वर्षांनी, १९९६ च्या डिसेंबरात, टेलिफोन चोरून ऐकण्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने या अधिकारास काही रीत, काही पुनर्विलोकन लावून दिले, तोपर्यंत कलम पाच हे जवळजवळ मोकाटच होते. याच अधिनियमाच्या पंचविसाव्या कलमाने तार बुद्ध्या बिघडविणाऱ्यास तीन वर्षांच्या कैदेची शिक्षा सांगितली.

आता थोडे समुद्राकडे वळू, कारण या इतिहासाचा दुसरा आणि माझ्या मते अधिक उपेक्षित धागा पाण्याखालून गेलेला आहे. 'ग्रेट ईस्टर्न' नावाचे एक अजस्र जहाज उतारू वाहण्याच्या धंद्यात दिवाळखोर ठरल्यानंतर समुद्रतळाशी तारा टाकण्याच्या कामी लागले होते. त्या जहाजाने १८७० च्या फेब्रुवारीत मुंबईहून निघून एडनपर्यंत तार टाकली, आणि त्या वर्षीच्या जूनपासून मुंबई आणि लंडन ही शहरे समुद्रमार्गे एकमेकांशी बोलू लागली. जहाजाने आठवडे घेणारी खबर आता काही तासांत येई, आणि कापसाच्या बाजारातील दलालांना देवापेक्षा तारेची अधिक धास्ती वाटू लागली. परंतु ही तार ज्या पाण्यातून जात होती ते पाणी कोणाचेच नव्हते. तेथे राणीचे कायदे चालत नव्हते. एखाद्या गलबताच्या नांगराने ती तुटली, अथवा कोणी मुद्दाम तोडली, तर खटला कोणत्या दरबारात भरावा?

या प्रश्नासाठी पॅरिस येथे राष्ट्रांची परिषद भरली आणि १४ मार्च १८८४ रोजी समुद्रतळाच्या तारांच्या संरक्षणाचा करार झाला. करार मोठ्या नेकीने लिहिलेला आहे. तार बुद्ध्या किंवा निष्काळजीपणे तोडणे हा गुन्हा ठरविला. तार टाकणाऱ्या जहाजापासून इतरांनी किती अंतर राखावे ते सांगितले. आणि एखाद्या कोळ्याने आपले जाळे किंवा नांगर तारेत अडकल्याचे पाहून तार वाचावी म्हणून तो नांगर समुद्रात सोडून दिला, तर त्याची भरपाई तारेच्या मालकाने करावी, इतकी बारीक काळजीही घेतली. पण करार वाचीत वाचीत पंधराव्या कलमाशी आलेला वाचक थबकतो. त्या कलमाचा आशय असा की, या करारातील कोणत्याही अटीमुळे युद्धमान राष्ट्रांच्या कृतिस्वातंत्र्याला बाध येणार नाही. कोळ्याच्या नांगरासाठी तरतूद झाली. आरमाराच्या कातरीसाठी मात्र दार सताड उघडे ठेवण्यात आले. हे कलम कोणी चुकून घातले असेल असे मानण्याचे कारण नाही. जगातील बहुतेक समुद्री तारा ज्यांच्या होत्या त्या ब्रिटनने आणि ज्यांच्या नव्हत्या त्या राष्ट्रांनीही ते सारख्याच समाधानाने मान्य केले, कारण वेळ आली असता आपण काय करू हे प्रत्येकाला ठाऊक होते.

वेळ तीस वर्षांनी आली. ४ ऑगस्ट १९१४ च्या रात्री ब्रिटनने जर्मनीविरुद्ध युद्ध पुकारले, आणि ५ तारखेच्या पहाटे 'अलर्ट' नावाचे एक साधे तार-जहाज, ज्याचे नेहमीचे काम तारा दुरुस्त करण्याचे, इंग्लिश खाडीत गेले व त्याने जर्मनीच्या पाच समुद्री तारा एकामागून एक वर ओढून कापल्या. तोफेचा एक आवाज झाला नाही, एक माणूस मेला नाही. पण त्या सकाळपासून जर्मनीला दूरदेशी बोलायचे तर बिनतारी लहरींवर किंवा परक्यांच्या तारांवर विसंबावे लागले, आणि या दोन्ही वाटांवर इंग्रजांचे कान होते. १९१७ साली जर्मन परराष्ट्रमंत्री झिमरमान याने मेक्सिकोस फितविण्यासाठी पाठविलेली सांकेतिक तार ब्रिटिश आरमाराच्या संकेतभेदकांनी उकलली, आणि अमेरिका युद्धात उतरण्यास जी कारणे झाली त्यांत तीही एक झाली. ज्यांना सायबर युद्ध ही विसाव्या शतकाच्या अखेरीची कल्पना वाटते त्यांनी 'अलर्ट'च्या त्या पहाटेचा विचार करावा: आधी शत्रूचा मार्ग तोडणे, मग त्याला आपण ऐकू शकू अशा मार्गावर ढकलणे, आणि हे सर्व विद्यमान कायद्यात बसवून करणे.

आता पुन्हा जमिनीवर. १९४२ च्या ऑगस्टनंतर सातारा जिल्ह्यात, नाना पाटलांच्या मुलखात, रेल्वेचे रूळ उखडणे आणि तारा तोडणे हे रात्रीचे नित्याचे काम झाले. मराठीत त्याला घातपात म्हणत. आणि घातपाताचा तो हंगाम पाहिलेली माणसे आमच्या लहानपणी गावोगाव होती. तार तोडणाऱ्या त्या पोरांना १८८५ च्या अधिनियमाखाली गुन्हेगार म्हणता येत होते, युद्धकालीन वटहुकुमांखाली त्याहून वाईटही काही म्हणता येत होते, आणि 'टेररिस्ट' हा शब्द तर बंगालमधील क्रांतिकारकांसाठी १९३२ च्या प्रांतिक कायद्याच्या शीर्षकातच जाऊन बसला होता. पाच वर्षांनी तेच लोक स्वातंत्र्यसैनिक झाले. हे स्मरण मी येथे करतो ते आजच्या हल्लेखोरांची आणि त्यांची तुलना करण्यासाठी नव्हे. तशी तुलना करणे कृतघ्नपणाचे होईल. सांगायचे इतकेच की, ज्या अधिनियमाने सातारच्या पोरांना कैद सांगितली तो अधिनियम स्वतंत्र भारताने जसाच्या तसा उचलून आपल्या दप्तरात ठेवला, आणि तार तोडण्याच्या कृत्यामागील हेतूची परीक्षा कशी करावी, हा त्याने कधीही न सोडविलेला प्रश्नही त्याबरोबर उचलला.

संगणक आले, ते एकमेकांना जोडले गेले, १५ ऑगस्ट १९९५ रोजी विदेश संचार निगमाने सामान्य माणसाला इंटरनेट विकत देण्यास आरंभ केला. या सगळ्या काळात कायदा स्वस्थ होता. १९९८ च्या मे महिन्यात पोखरणला अणुस्फोट झाले. जूनच्या आरंभी, 'मिल्वर्म' असे नाव घेतलेल्या एका टोळक्याने, ज्यातील मुले पंधरा ते अठरा वर्षांची होती आणि निरनिराळ्या देशांत आपापल्या घरी बसलेली होती, तुर्भ्याच्या भाभा अणुसंशोधन केंद्राच्या संगणकांत शिरकाव केला, शास्त्रज्ञांची पत्रे पळविली आणि संकेतस्थळावर अण्वस्त्रविरोधी मजकूर चिकटविला. तुर्भ्याच्या दारावर बंदूकधारी पहारा होता, भिंती होत्या, ओळखपत्रे होती. मुले दारातून आलीच नाहीत. या कृत्यासाठी भारताच्या कायद्यात त्या दिवशी नाव नव्हते. १८६० ची दंडसंहिता घरफोडी जाणत होती, १८८५ चा अधिनियम तार जाणत होता, सरकारी गुपितांचा १९२३ चा कायदा नकाशे आणि टिपणे जाणत होता. घर न फोडता घरात शिरलेला माणूस यांपैकी कोणालाच ओळखता येत नव्हता.

दोन वर्षांनी, १७ ऑक्टोबर २००० पासून, माहिती तंत्रज्ञान अधिनियम अमलात आला. पण तो तुर्भ्याच्या धड्यातून निघाला असे कोणी समजू नये. तो निघाला बाजारातून. संयुक्त राष्ट्रांच्या व्यापारकायदा आयोगाने इलेक्ट्रॉनिक व्यापारासाठी १९९६ साली एक नमुना कायदा तयार केला होता, त्याच्या धर्तीवर आमचा मसुदा झाला, आणि त्याचे मुख्य लक्ष कागदाविना केलेला करार व शाईविना केलेली सही ग्राह्य कशी ठरावी याकडे होते. हॅकिंगला तीन वर्षे, सरकारने 'संरक्षित' म्हणून जाहीर केलेल्या यंत्रणेत शिरल्यास दहा वर्षे, अशी कलमे त्यात होती. आणि एक नवल असे होते की, राज्याच्या सुरक्षिततेसाठी एखादा संदेश अडविण्याचा व उकलण्याचा हुकूम देण्याचा अधिकार डिजिटल सह्यांच्या दाखल्यांवर देखरेख करणाऱ्या नियंत्रकाकडे दिला होता. तराजू तपासणाऱ्या निरीक्षकाच्या हाती कोतवाली द्यावी, तसा हा प्रकार. तो पुढे दुरुस्त झाला.

'सायबर दहशतवाद' हा शब्द कायद्यात आला तो मुंबईवरील २६ नोव्हेंबर २००८ च्या हल्ल्यानंतर. दुरुस्तीचे विधेयक २००६ पासून संसदेत पडून होते. त्यावर स्थायी समितीचा अहवालही येऊन गेला होता. हल्ल्यातील दहा जणांना सीमेपलीकडून सूचना देणारे आवाज इंटरनेटवरून वळविलेल्या दूरध्वनीने येत होते, हे साऱ्या देशाने ऐकले, आणि मग पडून राहिलेले विधेयक एकाएकी उठून चालू लागले. २२ डिसेंबर २००८ रोजी लोकसभेने ते गोंधळात, चर्चेवाचून संमत केले. दुसऱ्या दिवशी राज्यसभेने. देशाच्या मनाची त्या महिन्यातील अवस्था ज्यांनी मुंबईत राहून अनुभवली, त्यांना या घाईबद्दल खासदारांना फार बोल लावावासा वाटणार नाही. तथापि घाईत शिवलेला अंगरखा अंगाला कोठे कोठे आवळतो हे पाहिलेच पाहिजे.

अधिनियमाचे कलम ६६-फ दोन भागांत आहे. पहिला भाग विचारपूर्वक रचलेला दिसतो. देशाची एकता, अखंडता, सुरक्षितता वा सार्वभौमत्व धोक्यात आणण्याच्या किंवा लोकांत दहशत बसविण्याच्या हेतूने जो कोणी संगणकाचा वापर अधिकृत माणसाला नाकारील, अनधिकाराने आत शिरेल किंवा त्यात दूषित आज्ञावली सोडील, आणि त्यामुळे मृत्यू, इजा, मालमत्तेचा नाश, जीवनावश्यक पुरवठ्यात खंड अथवा मर्मस्थानी असलेल्या माहिती-यंत्रणेस अपाय होईल किंवा होण्याचा संभव असेल, त्याला आजन्म कारावासापर्यंत शिक्षा. येथे हेतू आहे, कृती आहे, परिणाम आहे. सातारच्या प्रश्नाला निदान कोणीतरी हात घातला आहे. परंतु दुसऱ्या भागात लेखणी सैल सुटते. ज्या माहितीच्या वापराने देशाच्या सार्वभौमत्वाला बाध येईल ती अनधिकाराने मिळविणे हे दहशतवादात मोडावे, हे समजण्यासारखे आहे. पण त्याच ओळीत सार्वजनिक सुव्यवस्था, सभ्यता, नीतिमत्ता, न्यायालयाचा अवमान आणि अब्रुनुकसानी हेही शब्द येऊन बसले आहेत. कोणाची बदनामी होईल अशी माहिती चोरणे हा दुर्गुण खराच. त्याला दहशतवाद कसे म्हणावे? या शब्दांची जन्मभूमी शोधली तर ती संविधानाच्या १९ व्या अनुच्छेदाच्या दुसऱ्या खंडात सापडते. भाषणस्वातंत्र्यावर राज्याला कोणकोणत्या कारणांनी वाजवी मर्यादा घालता येतील याची ती यादी. ती तेथून उचलून दहशतवादाच्या व्याख्येत जशीच्या तशी ओतली गेली. मसुदा करणाऱ्याला यादी हवी होती आणि यादी हाताशी होती, यापलीकडे मला तरी त्याचे कारण दिसत नाही.

याच दुरुस्तीने आलेल्या ६६-अ या धाकट्या कलमाची कुळकथा याहून मौजेची आहे. त्यातील भाषा ब्रिटनच्या २००३ च्या एका कायद्यावरून आली, आणि तिचे मूळ तेथील १९३५ च्या टपालकायद्यात होते, जेथे टेलिफोनवर काम करणाऱ्या मुलींना शिवीगाळ करणाऱ्या टवाळांचा बंदोबस्त करायचा होता. टेलिफोनवरील मुलीच्या रक्षणार्थ जन्मलेले हे वाक्य समुद्र ओलांडून आले ते मुलींच्याच मुळावर उठले: बाळासाहेब ठाकरे यांच्या निधनानंतर मुंबई बंद राहिल्याविषयी नोव्हेंबर २०१२ मध्ये एका मुलीने फेसबुकवर चार ओळी लिहिल्या, दुसरीने त्या आवडल्याची खूण केली, आणि पालघरच्या पोलिसांनी दोघींनाही अटक केली. २४ मार्च २०१५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने श्रेया सिंघल खटल्यात हे कलम घटनाबाह्य ठरवून रद्द केले. ६६-फ मात्र राहिले. त्याखालील देशातील पहिली शिक्षा म्हणून वृत्तपत्रांनी जिची नोंद केली ती मुंबईच्या सत्र न्यायालयाने २०२२ साली दिली. आणि त्या खटल्याचा गाभा कोणाच्या यंत्रणेत शिरून ती मोडण्याचा नव्हता, तर एका शाळेवर हल्ला करण्याविषयी समाजमाध्यमावर झालेल्या संभाषणाचा होता. कट भयंकरच होता, आणि शिक्षा झाली यात वावगे काही नाही. पण पाहा, कायद्याचा हात पुन्हा संदेशावरच पडला. तारेच्या कलम पाचला जे साधत होते तेच त्याच्या पणतवालाही साधले.

आता जे साधत नाही त्याकडे. एस्टोनियाने एप्रिल २००७ मध्ये आपल्या राजधानीतील एक सोव्हिएत सैनिकाचा पुतळा हलविला, आणि त्या रागाने त्या चिमुकल्या देशाच्या बँका, वृत्तपत्रे, मंत्रालये यांच्या संकेतस्थळांवर जवळजवळ तीन आठवडे खोट्या मागण्यांचा असा मारा झाला की ती कोलमडली. एस्टोनिया हे नाटो संघटनेचे सभासद राष्ट्र. एकावरील हल्ला तो सर्वांवरील हल्ला, असे त्या संघटनेचे पाचवे कलम. पण त्या कलमाचा आधार कोणी घेतला नाही. रशियाने तपासात साह्य नाकारले. अखेर शिक्षा झाली ती एस्टोनियातल्याच एका विद्यार्थ्याला, आणि ती दंडाची. या अनुभवानंतर नाटोचे एक अभ्यासकेंद्र तालिन येथे निघाले, आणि तेथे जमलेल्या कायदेपंडितांनी २०१३ साली युद्धाचे प्रचलित नियम सायबर जगास कसे लागू पडतात याचा एक ग्रंथ सिद्ध केला. ग्रंथ विद्वत्तापूर्ण आहे. पण सशस्त्र हल्ला कशाला म्हणावे याची त्यांनी लावलेली कसोटी पाहता एस्टोनियावरील मारा त्यात बसत नाही. संयुक्त राष्ट्रांत हा विषय रशियाच्याच ठरावाने १९९८ साली शिरला होता. त्याचे फलित म्हणून २०१५ साली तज्ज्ञांच्या समितीने एकमेकांच्या मर्मस्थानी असलेल्या यंत्रणांना अपाय करू नये, यांसारखे अकरा दंडक सुचविले. ते ऐच्छिक आहेत, बंधनकारक नाहीत, आणि शांततेच्या काळासाठी आहेत. १८८४ चे पंधरावे कलम ज्यांना आठवते त्यांना या शेवटल्या विशेषणाचा अर्थ कोणी समजावून सांगण्याची गरज नाही. गुन्ह्यांच्या तपासासाठी युरोपीय देशांनी २००१ साली बुडापेस्ट येथे एक करार केला, त्यात भारत सामील झाला नाही; ज्याचा मसुदा होताना आपण नव्हतो त्यावर सही का करावी, ही त्यामागील एक भूमिका, आणि तीत तथ्य आहे.

या पोकळीत उभे राहिले म्हणजे कसे वाटते, याचा अनुभव मुंबईला १२ ऑक्टोबर २०२० च्या सकाळी आला. दहाच्या सुमारास वीज गेली. लोकलगाड्या जेथल्या तेथे उभ्या राहिल्या, रुग्णालये जनित्रांवर आली, आणि ज्या शहराला वीज जाणे म्हणजे काय हे खेड्यांतील पाहुण्यांकडून ऐकूनच ठाऊक होते ते शहर कित्येक तास तिष्ठत बसले. चार-साडेचार महिने गेले. मग एका अमेरिकी संस्थेचा अहवाल प्रसिद्ध झाला, की चीनशी संबंध असलेल्या एका गटाने भारताच्या वीजयंत्रणेत हस्तक्षेपाची तयारी करून ठेवली होती. १ मार्च २०२१ रोजी राज्याच्या गृहमंत्र्यांनी आपल्या सायबर विभागाच्या अहवालाचा हवाला देऊन घातपाताची शक्यता बोलून दाखविली. केंद्रीय ऊर्जामंत्र्यांनी ती मानवी चूक असल्याचे सांगितले. घातपात या शब्दासाठी १९४२ साली निदान तुटलेली तार दाखविता येत असे. येथे तुटलेले काहीच दाखविता येत नव्हते, आणि दोन सरकारे एकाच अंधाराकडे बोट दाखवून दोन निरनिराळ्या गोष्टी सांगत होती. कलम ६६-फ मध्ये जीवनावश्यक पुरवठ्यात खंड हे शब्द आहेत. पण आरोपीच्या पिंजऱ्यात कोणाला उभे करावे, हे कलम सांगू शकत नाही. पुण्याच्या कॉसमॉस बँकेतून ऑगस्ट २०१८ मध्ये चौराण्णव कोटी रुपये गेले, तेव्हा येथील पोलिसांनी एटीएममधून पैसे काढणारी प्यादी पकडली. त्या चोरीची नोंद मात्र पुढील वर्षी संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेपुढे उत्तर कोरियावरील निर्बंधांच्या अहवालात झाली. एकच प्रसंग शिवाजीनगरच्या न्यायालयात फसवणूक होता आणि न्यूयॉर्कात जवळजवळ युद्धाचे प्रकरण.

संस्था पुष्कळ निघाल्या, आणि त्यांतील काही उपयोगाच्या आहेत. आणीबाणीच्या प्रसंगी धावून जाणारे राष्ट्रीय पथक २००४ पासून काम करते. मर्मस्थानी असलेल्या यंत्रणांच्या रक्षणाचे केंद्र २०१४ साली झाले. सायबर सुरक्षेचे राष्ट्रीय धोरण, तारसेवा बंद झाली त्याच जुलै २०१३ मध्ये जाहीर झाले. आणि २०२२ पासून कोणत्याही कंपनीने आपल्यावरील हल्ल्याची वर्दी सहा तासांत दिली पाहिजे, असा दंडक आहे. पूर्वी ज्या गोष्टी अब्रूच्या भीतीने झाकल्या जात त्या यामुळे उघड होऊ लागल्या, हे मला या साऱ्या कायद्यांपेक्षा अधिक मोलाचे वाटते.

१८८५ चा अधिनियम शेवटी वारसांच्या हाती गेला. डिसेंबर २०२३ मध्ये दूरसंचार अधिनियम संमत झाला आणि पुढील जूनपासून त्यातील काही कलमे अमलात आली. त्यांत विसावे कलम होते. सार्वजनिक आणीबाणी उद्भवल्यास अथवा सार्वजनिक सुरक्षिततेसाठी सरकारने दूरसंचार सेवा ताब्यात घ्यावी, संदेश अडवावा, रोखावा किंवा उघड करावा. मी दोन्ही मजकूर शेजारी ठेवून वाचले. एकशे अडतीस वर्षांत नवे शब्द आले आहेत, जुने मात्र जागचे हललेले नाहीत.

समुद्राखालचे दप्तरही फारसे बदललेले नाही. ग्रेट ईस्टर्नच्या त्या तारेच्या जागी आता काचेच्या तंतूंच्या केबली आहेत, आणि भारताला जगाशी जोडणाऱ्या कित्येक केबली मुंबईच्या वर्सोव्याला, म्हणजे आमच्या कोळ्यांच्या वेसाव्याला, किनाऱ्यावर येतात. त्यांच्यावरून वेसावकरांच्या होड्या रोज ये-जा करतात. एखाद्याचे जाळे केबलीत अडकले आणि ती वाचविण्यासाठी त्याने ते कापून समुद्रात सोडले, तर त्याला भरपाई मागता यावी हा १८८४ चा नियम समुद्राच्या कायद्याविषयीच्या संयुक्त राष्ट्रांच्या करारात ११५ वा अनुच्छेद म्हणून उतरला आहे, आणि तो करार भारताने १९९५ साली मान्य केला आहे. १८८४ चा मूळ करारही अद्याप अमलात आहे, पंधराव्या कलमासह.